लंगाहाला पाणी

उन्हाळा लागला की मस्कतजवळच्या सीबमधली निम्मी मराठी घरं कुलूपबंद होतात आणि त्यांच्या किल्ल्या माझ्या स्वयंपाकघरातल्या खिळ्यांवर येऊन लटकतात. माणसं चिपळूण-रत्नागिरीला जातात, कुंड्या इथंच राहतात. मस्कतच्या जुलैत गॅलरीतल्या कुंडीकडे चार दिवस कुणी पाहिलं नाही तर पाचव्या दिवशी सरपण मिळतं. म्हणून मी. सकाळी उन्हं तापायच्या आत एक फेरी, संध्याकाळी दुसरी. या कामाला तसं नाव नाही. माझा नवरा जनार्दन म्हणतो, "तू सीबची पाटकरीण. गावात पाटाचं पाणी सोडायला माणूस असतो ना, तशी."

झाडांचं मी कुठं शिकायला गेले नाही. सुरुवातीला स्वतःची झाडं मारली, त्यातून शिकले. नावं कुंडीला चिकटवलेल्या चिठ्ठ्यांवरून पाठ केली. कलाथिया, ॲग्लोनिमा, फिलोडेंड्रॉन ही नावं आता मी अशा थाटात घेते की ऐकणाऱ्याला वाटावं, हिचं माहेर ब्राझीलला असणार. नेमका हाच थाट मला नडला.

कौशिक पेंडुरकर आमच्याच गल्लीतला. परदेशातून झाडं मागवणाऱ्या एका कंपनीत आहे. रत्नागिरीत त्याची आई, गंगुबाई, न्हाणीघरात पाय घसरून पडल्या. खुबा मोडला, ऑपरेशन ठरलं. विमानतळावर जाता जाता टॅक्सीतूनच त्यानं मला किल्ली दिली.

"ताई, गॅलरीतलं तुम्हाला ठाऊकच आहे. फक्त हॉलमध्ये एक काचेचं कपाट आहे, त्यात लंगाहा आहे. लंगाहाला रोज पाणी फवारायचं. बाकी काही करू नका. आणि एसी बंद करू नका."

लंगाहा म्हणजे काय, हे विचारायला माझी जीभ उचलली नाही. कलाथियावालीनं असं विचारायचं नसतं. "हो हो, लंगाहा. कळलं," म्हणाले. मागच्या सीटवर त्याची मुलगी उर्वी बसली होती. नववीतली. ती बापाकडे बघत होती आणि तिला काहीतरी बोलायचं होतं, पण टॅक्सी निघाली.

काचेचं कपाट सुरेख होतं. छातीएवढं उंच, आत शेवाळ, एक फिलोडेंड्रॉन, दोन नेचे आणि मधोमध आडवी टाकलेली फांदी. मी ठरवून टाकलं की त्यातला नाजूक नेचा तो लंगाहा. रोज त्याच्यावर मन लावून फवारा मारायचे, "काय रे लंगाहा, बाहेर पंचेचाळीस आहे, तू मजेत एसी खा," असं बोलायचेसुद्धा. तो नेचा भलताच फोफावला. मला वाटलं, हात आहे बाई आपल्याला.

फक्त एक गोष्ट डोळ्यांना खुपत होती. फांदीवरून एक वाळका वेल सरळ खाली लोंबत होता. राखाडी, ठिपक्याठिपक्यांचा, टोकाला चुरगळलेलं पान. इतक्या हिरव्यागार कपाटात हे वाळकं कशाला ठेवावं? "बाकी काही करू नका," असं कौशिक म्हणाला होता, पण वाळकं काढणं म्हणजे काही करणं नव्हे. ते केर काढण्यासारखं आहे. अडीच आठवडे हात आवरला आणि एका सकाळी कात्री घेऊन गेले. कपाटाचं दार सरकवलं, वेलाचं टोक दोन बोटांत धरलं.

टोक थंड होतं. मऊही. मग ते वळलं आणि त्यानं माझ्याकडे पाहिलं.

मी बोटं सोडली, दार सरकवलं, खिट्टी लावली आणि "सॉरी" म्हणाले. इंग्रजीत. का ते विचारू नका, परदेशी पाहुणं वाटलं असेल. मग सोफ्यावर बसले आणि कौशिकला फोन लावला.

"साप आहे," मी म्हणाले.

"हो ताई."

"तू सांगितलं नाहीस."

"सांगितलं असतं तर तुम्ही किल्ली घेतली असती का?"

"नसती घेतली."

"म्हणूनच."

मग त्यानं सगळं सांगितलं. लंगाहा हे त्या सापाचंच नाव. मादागास्कर बेटावरचा, फक्त तिथंच सापडणारा, झाडांवर राहणारा. ऑर्किडच्या खोक्यातून कंपनीच्या गोदामात उतरला. माणसं काठ्या घेऊन धावली, पण नेमकी त्या दिवशी उर्वी बापाबरोबर गोदामात आलेली, ती खोक्यापुढे उभी राहिली. सरकारी कचेरीत रीतसर कळवलं, त्यांनी सांगितलं की परत पाठवायची व्यवस्था होईपर्यंत जपून ठेवा, पुढच्या महिन्यात आम्ही नेऊ. तोवर कौशिकच्या हॉलमध्ये.

"विषारी आहे?"

"आहे, पण माणसाला विशेष काही नाही. थोडं सुजतं म्हणतात."

'विशेष काही नाही' हे शब्द माणसानं रत्नागिरीहून बोलावेत, हे मला विशेष वाटलं.

तेवढ्यात उर्वीनं फोन ओढून घेतला. तिचं मराठी म्हणजे उंच टाचांच्या चपला घालून शेतातून चालावं तसं. "काकी, तुम्ही रागवलात? प्लीज व्हिडिओ पाठवा ना. तिचा पूर्ण बॉडीचा."

मी काचेबाहेरून व्हिडिओ काढून पाठवला. मग तिचाच फोन आला आणि आवाज बारीक झाला होता.

"काकी, तिची हाडं दिसतात. साइडला. ती बारीक झाली. पप्पांना वाटलेलं आम्ही वन वीकमध्ये येऊ. म्हणजे ती आम्ही निघायच्या आधी जेवली होती, तीच लास्ट. आणि आता आजीचं परत ऑपरेशन आहे, आम्ही नाही येऊ शकत." मग म्हणाली, "तुमच्या पाण्यामुळेच ती आहे. ती पानावरचे ड्रॉप्स पिते."

म्हणजे मी नेच्याला फवारत होते आणि पीत होती ही.

"काय खाते?"

"लिझर्ड्स. ओन्ली लिझर्ड्स. जिवंत पाहिजे. नाही तर ती मरेल, काकी. मी तिला प्रॉमिस केलंय की घरी पाठवणार."

मी म्हणाले, "बघते." मी 'बघते' म्हणाले की जनार्दनला कळतं, आता आठवडाभर घरात नीट भाजी होणार नाही. पण दुसरं काय बोलणार? या गल्लीत माझी जी काही पत आहे ती त्या खिळ्यांवर टांगलेली आहे. सोपवलेलं जिवंत घेतलं की जिवंत परत द्यायचं. त्यात कुठंही लिहिलेलं नाही की पानं असलेलंच.

संध्याकाळी फोनवर वाचत बसले. नराचं नाक सुईसारखं टोकदार असतं, मादीचं नाक पानासारखं कातरलेलं, नक्षीदार. म्हणजे मला जे चुरगळलेलं पान वाटलं ती हिची नथ. बाकी अंग राखी, वाळक्या काटकीचं, आणि नाकात एवढा मोठा दागिना. मला ती तिथंच आवडली. अशा बायका आमच्या गावात होत्या.

मस्कतच्या कुरुम भागात प्राण्यांचं एक दुकान आहे. शुक्रवारी जनार्दनला गाडी काढायला लावली. दुकानदार ताबिश, पेशावरकडचा, गुळगुळीत दाढी केलेला. मी विचारलं, "छिपकली मिलेगी? खिलाने के लिए."

"बाजी, छिपकली का खाना है," त्यानं नाकतोड्यांचा डबा दाखवला. "खाने की छिपकली नहीं है."

"चूहे?" जनार्दननं विचारलं.

"हिला चालत नाहीत," मी म्हणाले. "फक्त पालच लागते."

"मग अगदी माझ्या आईसारखी आहे," जनार्दन म्हणाला. "तिलाही बांगडाच लागतो, दुसरा मासा ताटात नको."

जनार्दनलाही कौशिकनं हे सगळं फोनवर सांगितलं होतं. मस्कतमध्ये साप समजणारा एक माणूस कौशिकच्या ओळखीचा होता, तो सुट्टीवर केरळात गेलेला. जुलैत इथं ज्याला काही कळतं तो सुट्टीवर असतो. उरतात ती माझ्यासारखी.

पाल. आता बघा, गावात पाल नको म्हटलं तरी देव्हाऱ्यामागून चुकचुकते. आणि इथं हवी तर नाही. आमच्या बिल्डिंगमध्ये मालक दर महिन्याला औषध फवारून घेतो. भिंती इतक्या स्वच्छ की मुंगीलासुद्धा एकटं वाटावं. विचार करता करता मला हवाबी आठवली.

हवाबी श्रीवर्धनची. माझ्यापेक्षा मोठी, मी तिला भाबी म्हणते. तिचा नवरा अलीमियाँ सीबच्या जुन्या बाजारात कापडाचं दुकान चालवतो. त्यांचं घरही तिकडंच, जुन्या धाटणीचं, तळमजल्यावर. तिच्या ओट्यावरच्या ट्यूबलाइटमागे एक पाल राहते हे मला माहीत होतं, कारण हवाबी तिच्याशी बोलते.

"भाबी, तुझ्याकडे पाल आहे ना?"

"हाय. कशाला व्हयी?"

मी सांगितलं. हवाबीनं चहाचा कप खाली ठेवला. "ना गो. ती नाय देनार. माझी पोरं गेली कॅनडाला, ती हितंच राहिली. माझं झुरळ खाते, माझं बोलनं ऐकते. अलीमियाँनी दोन्हीतलं एक तरी केलं काय कधी?"

"भाबी, तिकडे एक जीव उपाशी मरतोय."

"मग हिचा जीव काय प्लास्टिकचा?"

"परवा तू कोंबडी कापून घेतलीस तेव्हा असं विचारलं नाहीस."

"कोंबडी माझ्याशी बोलत नव्हती."

ट्यूबमागून पाल चुकचुकली आणि हवाबी म्हणाली, "बघ, तिनं ऐकलं." मग चहाचा कप परत उचलला. "कसला साप म्हनलीस? झाडावरचा? बारीक, वेलीसारखा? टोकेरी तोंडाचा?"

"हो."

"हरणटोळ."

"हरणटोळ नव्हे ग. तो आपल्याकडे असतो, हिरवा. ही मादागास्करची."

"नाव बदलून खोड बदलते काय? हरणटोळ टाळू फोडते. आमच्या वाडीत कुणी दुपारचं डोकं उघडं ठेवून आमराईत जायचं नाय."

हे आमच्याकडेही सांगतात. हरणटोळ झाडावरून उडी मारून टाळूवर चावतं म्हणे. खोटं आहे, तो बिचारा साप माणसाच्या वाटेलाही जात नाही, हे मी वाचलेलं आहे. तरी साप दिसला त्या दिवसापासून फवारा मारायला जाताना मी डोक्याला टॉवेल गुंडाळत होते. वाचणं वेगळं, टाळू वेगळी.

"दुकानातल्या घे," हवाबी शेवटी म्हणाली. "तिथल्या भिंतीवर चिकार हायत. त्या माझ्या ओळखीच्या नाय."

मगरिबच्या, म्हणजे संध्याकाळच्या नमाजानंतर बाजार भरतो. दुकानांचे दिवे लागले आणि अलीमियाँच्या फळीवरच्या दिव्याजवळ एकेक पाल जमा व्हायला लागली. अलीमियाँ शांत माणूस. मी येण्याचं कारण ऐकून त्यांनी फक्त एवढं विचारलं, "किती मीटर पायजे?"

पाल हातानं धरता येत नाही. शेपूट हातात ठेवून निघून जाते. पण लहानपणी आम्ही सरडे पकडायचो ते फासानं. माडाचा हीर, म्हणजे पातीच्या मधली काडी, घ्यायचा, टोकाला दोऱ्याचा सैल फास. लांबून, हळूच गळ्यापर्यंत न्यायचा. सरड्याला हीर दिसतो, पण हीर म्हणजे काही संकट आहे असं त्याला वाटत नाही. दुकानात हवाबीनं श्रीवर्धनहून सामानात आणलेला हिरांचा खराटा होता. मी त्यातला एक लांबसा हीर ओढायला लागले तशी ती कळवळली.

"जाड नको, कडेचा घे. विमानातनं आणलाय तो, बारा किलोच्या सामानात. अलीमियाँचे बूट ठेवून खराटा आणलाय."

"ते खरं हाय," अलीमियाँ म्हणाले.

दुकानातल्याच रिळाचा काळा दोरा हिराला बांधला. मी स्टुलावर चढले. खाली स्टूल धरून हवाबी, तिच्या हातात बिर्याणीचा रिकामा डबा, झाकणाला भोकं पाडलेली. पहिली पाल फास दिसताच सरकली. दुसरीनं फास चाटून पाहिला. एवढ्यात एक ओमानी आजीबाई अबायाचं कापड घ्यायला आल्या, त्या उभ्याच राहिल्या. अलीमियाँनी त्यांना अरबीत काहीतरी सांगितलं. काय ते कळलं नाही, पण आजीबाईंनी माझ्याकडे फार दयेनं पाहिलं, मग काठीनं वरच्या कोपऱ्याकडे खूण केली. तिथं एक बारकी, फिकट पाल निवांत बसली होती. मी फास नेला, गळ्यात गेला, हलका झटका दिला.

"खलास," आजीबाई म्हणाल्या.

पाल डब्यात गेली. मी स्टुलावरून उतरले आणि झाकण दोनदा दाबून पाहिलं. तोवर दुकानापुढे चार माणसं जमली होती. अलीमियाँनी त्यांना लुंग्या दाखवायला सुरुवात केली.

"चल," हवाबी म्हणाली.

"तू कशाला?"

"माझ्या दुकानातली पाल हाय. फुकट गेली तर? मी बघनार खाते का नाय."

कौशिकच्या दारात मी टॉवेल डोक्याला गुंडाळला. मागं वळून पाहिलं तर हवाबीनं ओढणीवरून डोक्यावर ॲल्युमिनियमचा टोप पालथा घातलेला. घरून पिशवीत घालून आणला होता. "हसू नको," ती म्हणाली. मी हसले नाही. मला तो टॉवेलपेक्षा बरा वाटला.

लंगाहा तशीच लोंबत होती. पाच वेळा पाहिलं तरी पाचव्यांदाही ती काटकीच वाटायची. मी दार थोडंसं सरकवून डबा आत रिकामा केला आणि बंद केलं. पाल काचेवर चढली, फिलोडेंड्रॉनच्या पानावर गेली, आणि लंगाहाच्या नाकासमोरून दोनदा फिरली. लंगाहा हलली नाही.

"मेली काय?" हवाबी कुजबुजली.

"नाही. त्या अशाच बसतात. वाट बघत."

आम्हीही वाट बघितली. पाल काचेला पोट लावून बसली. लंगाहाच्या कुशीला खरंच खाचा पडल्या होत्या, ओल्या कापडाखाली काठ्या दिसाव्यात तशा. खूप दिवस न खाल्लेलं जनावर खायचं विसरतंही, असं कुठंतरी वाचलं होतं. ते मला आत्ता आठवायची गरज नव्हती. उर्वीचा मेसेज आला, 'काकी?' मी उत्तर दिलं नाही. तिला काय कळवू? पाल आणली, आत सोडली, दोघी एकमेकींकडे बघत बसल्यात?

"तू जरा लांब हो," हवाबी म्हणाली. "नाक काचेला लावून बसलीस. कुनी तुझ्या ताटात नाक खुपसलं तर तू जेवशील?"

"आणि तू?"

"माझं नाक लांब हाय. मी टोपातून बघते."

मी उठले. रागानंच उठले, खोटं कशाला बोलू. सगळं मी केलं, हिरापासून फासापर्यंत, आणि हिनं मला हाकललं. गॅलरीत गेले आणि दार लावून घेतलं. बाहेरची गरम हवा तोंडावर आली. संध्याकाळचं पाणी घालायचं राहिलंच होतं. मोगऱ्याला घातलं. कढीपत्त्याला घातलं, त्याचा शेंडा खुडला. जास्वंदीवर पांढरी कीड दिसली, तिला साबणाचं पाणी लावायचं मनात ठेवलं. एका कुंडीत कौशिकनं ओवा लावला होता, त्याची पानं इतकी मोठी झालेली की भजी झाली असती. काम हातात असलं की माझं डोकं आपोआप जागेवर येतं. मी स्वतःला सांगितलं, आज नाही खाल्लं तर उद्या. उद्या नाही तर परवा दुसरी पाल, तिसरी पाल. अख्खा जुना बाजार पडलाय. कोपऱ्यातला कुठला दिवा सोडणार नाही.

आत काहीतरी दणकन पडलं.

मी धावत आत गेले. टोप जमिनीवर गोल फिरत होता आणि हवाबी सोफ्यावर उभी होती, ओढणी घसरलेली, केस मोकळे, टाळू उघडी.

"चावली?"

"मला नाय," हवाबी म्हणाली. "तिला."

कपाटात फांदीवर लंगाहा आता सरळ नव्हती. तिनं स्वतःला वर ओढून घेतलं होतं, आणि तिच्या तोंडातून पालीची शेपटी तेवढी बाहेर होती. ती हळूहळू आत गेली. गळ्यापाशी फुगवटा आला, तो इंचाइंचानं खाली सरकायला लागला. नक्षीदार नाक वर केलेलं, जसं काही घडलंच नाही.

"कसं केलं तिनं?"

"तू बघायला नव्हतीस," हवाबी म्हणाली. सोफ्यावरून उतरली नाही. "आधी डुलली. वाऱ्यानं फांदी डुलते ना, तशी. आत वारा कुठला? तरी डुलली. पाल पन बघत राहिली, तिला वाटलं वारं. मग..." हवाबीनं बोटं चटकन मिटली. बराच वेळ त्या मिटलेल्या बोटांकडे बघत राहिली. "अल्ला. काय शिस्तीची बाई हाय."

मला वाईट वाटलं. पालीचं, हो. पण त्याहून माझं. मी पाहिलं नव्हतं आणि ते परत कुणी मला दाखवणार नव्हतं. या साऱ्या खटाटोपात जे खरंखुरं घडलं ते हवाबीच्या डोळ्यांपुढे घडलं, तिच्या बोटांत घडलं, आणि मी तिकडे कढीपत्ता खुडत होते. मग म्हटलं, असू दे. पाणी घालणाऱ्याच्या वाट्याला असंच येतं. फूल उमलतं ते आपण दुसऱ्या घरी असताना.

उर्वीला व्हिडिओ कॉल लावला. ती इस्पितळाच्या पायऱ्यांवर बसलेली दिसली. मी काही बोलायच्या आत हवाबीनं फोन हातातून घेतला.

"आयक गो पोरी. तू मला ओळखत नाय. मी हवाबी, श्रीवर्धनची. तुझ्या सापानं पाल खाल्ली. मी बघितलं. आता सांगते तुला, पयल्यापासनं."

आणि तिनं सांगितलं, अगदी पयल्यापासनं, म्हणजे अलीमियाँच्या बुटांपासून. खराटा, आजीबाई, डबा, टोप. फोनवरून उर्वीचे शब्द येत होते, "हीर म्हणजे काय? आजीबाई कोण? टोप व्हाय?" पण हवाबी थांबायला तयार नव्हती. डुलण्याच्या जागी आली तेव्हा सोफ्यावर बसूनच डुलून दाखवलं. उर्वी हसायला लागली, हसता हसता रडायला लागली, आणि हवाबी तिला म्हणाली, "रडतेस कशाला? पोट भरलंय तिचं. तुझ्या आजीला सांग, एक उभी राहिली, आता तिनं उभं राहायचं."

मी गॅलरीत परत गेले. जास्वंदीला साबणाचं पाणी लावायचं राहिलं होतं.